ओगावा-सान रोज मरतात

आमच्या डोक्यावर राहणारा माणूस रोज सकाळी साडेसातला मरतो.

आधी दोन-चार घाईची पावलं ऐकू येतात. मग घशातून काढलेला एक आवाज, आणि मग धप्प! आमच्या हॉलमधला कागदी दिवा हलतो. नंतर बराच वेळ काही म्हणजे काही नाही. आणि मग ट्रिंग! अंडी उकडताना लावतात तसल्या टायमरची घंटी वाजते, मेलेला माणूस उठतो आणि चहाचं आधण ठेवतो.

न्युरेम्बर्गच्या या घरात राहायला आलो, त्याच्या दुसऱ्याच सकाळी मी आणि माझा नवरा मिलिंद जिना चढून वर धावलो होतो. मिलिंदच्या तोंडात टूथब्रश होता. बेल वाजवली, दार बडवलं. आतून आधी ट्रिंग झालं, मग दार उघडलं. समोर एक बुटके, ताठ, पांढरे केस चापून मागे बसवलेले जपानी गृहस्थ. "घाबरू नका, मी मेलो होतो," असं त्यांनी स्वच्छ जर्मनमध्ये सांगितलं आणि कमरेत वाकून माफी मागितली. मरणाबद्दल नव्हे हं, आवाजाबद्दल. "आवाज आला म्हणजे वजन नीट पडलं नाही. उद्या सुधारतो." या गोष्टीला काही वर्षं झाली. सुधारणा चालू आहे.

दारावरच्या पाटीवर 'ओगावा, शाउश्पीलर' असं लिहिलंय. शाउश्पीलर म्हणजे नट. आमच्या इमारतीत एक दातांची डॉक्टर आहे, एक प्रोफेसर आहे, त्यांच्या पाट्यांवर बिचाऱ्यांची नुसती आडनावं. हे एकटेच नट, आणि ते कुरिअरवाल्यालासुद्धा कळलं पाहिजे.

तळमजल्यावरच्या फ्राउ क्र्यूगर यांनी या धप्पबद्दल तक्रार केली होती. मग घरमालकाचा माणूस येऊन सगळं समजून घेऊन गेला आणि निकाल लागला: मरायला हरकत नाही, पण दुपारच्या शांततेच्या वेळात नाही, आणि रविवारी गादीवर. ओगावा-सान हा नियम काटेकोर पाळतात. रविवारी आमचा दिवा हलत नाही.

तर या नटाची कारकीर्द. ओसाकाजवळच्या कुठल्याशा गावातून हा मुलगा हीरो व्हायला स्टुडिओत गेला. तिथल्या मॅनेजरनं त्याला वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि म्हणाला, "पड." हा पडला. तेव्हापासून पडतोच आहे. जपानी टीव्हीवर तलवारींच्या मालिका असायच्या. त्यात नायकावर दहा-बाराजण आरडाओरडा करत धावून जातात आणि सपासप कापले जातात. त्या दहा-बाराजणांतले एक आमचे ओगावा-सान. "एका भागात तीनदा मेलोय," असं ते छाती काढून सांगतात. एकदा शेंडी लावून, एकदा टक्कल करून, एकदा दाढी चिकटवून.

त्यांच्याकडे गेलात की जुन्या कॅसेटी दाखवतात. सोबत कडू हिरवा चहा आणि एक बिस्किट. पडद्यावर नायक तलवार फिरवत असतो, आणि ओगावा-सान उठून टीव्हीपाशी जातात, बोट टेकवतात. "हा मी." बोटाखाली टाच असते. "आणि हा मी." आता पाठ. तासभर डोळे फाडून बघितलं तरी तोंड काही दिसत नाही. मी एकदा न राहवून विचारलं, तर केवढे चिडले!

"गेनाऊ! अगदी बरोबर! तेच तर काम आहे, फ्राउ गायकवाड! मरणाऱ्यानं कॅमेऱ्याकडे पाठ करून मरायचं. उजेड नायकाच्या तोंडावर. मरताना जो आपलं तोंड दाखवतो, तो चोर."

म्हणजे बघा, अख्खी हयात टीव्हीवर काढली, चेहरा कुणी पाहिलेला नाही, आणि वर त्याचीच ऐट!

पुढे एका जर्मन सिनेमात मरायला म्हणून ते इकडे आले आणि इकडचेच झाले. या लोकांना रविवारी रात्री जेवण झालं की टीव्हीवर एक खून लागतो. त्याशिवाय सोमवार उजाडत नाही. त्या खुनात जपानी माणूस हवा असला की ओगावा-सान. सुशीवाला, केमिस्ट, गळ्यात कॅमेरा अडकवलेला पर्यटक. पहिल्या पाच मिनिटांत खलास, मग दीड तास बाकीचे लोक त्यांच्याबद्दल बोलणार. बोलायला शब्द मिळाला तो एकदाच. "नाइन!" म्हणजे नाही. त्या एका 'नाइन'साठी हा माणूस आठवडाभर आरशासमोर उभा होता. शूटिंग झाल्यावर डायरेक्टर म्हणाला, तुमचं जर्मन फारच शुद्ध आहे हो, जपानी वाटत नाही. आणि हॅनोव्हरच्या कुणा जर्मन माणसाकडून जपानी ढंगाचं 'नाइन' म्हणवून घेऊन ते चिकटवलं. हा किस्सा ओगावा-सान अतिशय गंभीरपणे सांगतात. मी हसले, तर माझ्यापुढची बिस्किटाची बशी उचलली.

हल्ली तीही कामं बंद झालीत. पडायला तरुण पोरं मिळतात, आणि नुसतं पडून राहायला रबराची प्रेतं. फोन वाजत नाही. तरी रोज सकाळी सराव आहेच. "कशासाठी?" असं मिलिंदनं एकदा विचारलं, तर म्हणाले, "मरायच्या आधी मला अजून एकदा नीट मरायचंय."

गेल्या वर्षी माझ्या सासूबाई नाशिक रोडहून आमच्याकडे आल्या. पहिल्या सकाळी धप्प झालं तशा त्या पोळपाट सोडून उठल्या. "अगं वैशाली, वर कुणीतरी गेलं गं!"

"ते रोजच जातात, आई. तुम्ही पोळ्या करा."

मग सगळी हकिकत सांगितली. जपानी आहेत म्हटल्यावर आई एकदम खूश. "म्हणजे बौद्ध! आपल्यातलेच की!" पौर्णिमेला खिरीचं पातेलं घेऊन, गुडघे धरत जिना चढल्या, हात जोडून "नमो बुद्धाय" म्हणाल्या. ओगावा-सानचा धर्म आडवं पडणे हा आहे, पण खीर त्यांनी पातेलं निपटून खाल्ली. त्यानंतर संध्याकाळी ते आमच्याकडे येऊन आईंबरोबर मराठी मालिका बघू लागले. भाषा एक अक्षर कळत नव्हती, आणि अडतही नव्हतं. एकदा मालिकेत दरीत पडून मेलेली जाऊ नवीन चेहरा घेऊन परत आली. ओगावा-सान ताडकन उभे राहिले. "आल्झो! म्हणजे परत आली? मग त्या मुलीनं एवढं चांगलं मरून दाखवलं, ते फुकट?" चहा न घेता निघून गेले. आई म्हणाल्या, "खरंय त्यांचं."

अशाच एका संध्याकाळी त्यांनी गिझेलाची गोष्ट सांगितली. मी आईंना मराठीत सांगत होते. गिझेला म्हणजे त्यांची बायको. आम्ही राहायला यायच्या आधीच वारली. ओगावा-सानचं जर्मनीतलं पहिलं शूटिंग बॉनला, नदीकाठी होतं. गोळी लागली, हे ओल्या गवतात पडले, शॉट झाला. तेवढ्यात जेवणाची सुट्टी झाली आणि सगळे गेले. यांना जर्मन येत नव्हतं. आणि त्यांच्या धंद्यात नियम असा की मेलेल्यानं आपणहून उठायचं नाही. युनिटमधल्या कुणीतरी येऊन सांगायचं, मग उठायचं. हे पडून राहिले. पाऊस आला, तरी पडून राहिले. शेवटी जेवण वाढणारी एक बाई ताटं मोजताना थबकली, एक कमी कसा म्हणून शोधत आली, यांच्या कानाशी वाकली आणि म्हणाली, "उठा, सूप गार होतंय." त्यांना एक शब्द कळला नाही. पण ते उठले, आणि तिच्याशी लग्न केलं. पुढे शूटिंग कुठंही असो, मेलेल्या नवऱ्याला उठवायला ती हजर. सकाळच्या सरावालासुद्धा स्वयंपाकघरातून हाक तिचीच.

मला आपलं हसू येत होतं. पावसात भिजत पडून राहणारा वेडा आणि त्याच्याशी संसार करणारी दुसरी वेडी! आई मात्र पदराला हात पुसत एवढंच म्हणाल्या, "बाई शहाणी होती."

दिवाळीनंतर आमच्या मराठी मंडळाचं संमेलन होतं. मुलांचं नाटक ठरलं: बकासुरवध. भीम म्हणजे आमची मुलगी ओवी. घरात मराठीत विचारलं की जर्मनमध्ये उत्तर देते, पण "दुष्टा, ऊठ!" हे वाक्य तिनं घोटून घोटून पाठ केलं होतं. आई म्हणाल्या, "पुराणातलं मला काही सांगू नका, पण पोरीची गदा झकास झालीय." अडलं होतं बकासुराशी. मंडळातला एकही बाप राक्षस व्हायला तयार नाही. सगळे मोठमोठ्या कंपन्यांतले, सगळ्यांना धर्मराज व्हायचंय. शेवटी सेक्रेटरी म्हणून मिलिंद वर जाऊन ओगावा-सानना विचारून आला.

त्यांनी दोनच प्रश्न विचारले म्हणे. पहिला, मरण किती मिनिटांचं? दुसरा, मेल्यावर मला उठायला कोण सांगणार?

"जा, जा, सांगू की कुणीतरी!" असं मिलिंद फोनमध्ये बघत म्हणाला. हा 'जा' जर्मन, म्हणजे हो. मंडळाची सगळी कामं याच वाक्यावर चालतात.

महिनाभर आमच्या डोक्यावर सकाळ-संध्याकाळ धप्प-धप्प चाललं होतं. नाटकाच्या दिवशी ओगावा-सान काळी मिशी लावून, आईंचं जुनं लुगडं गुंडाळून स्टेजवर आले. गाडाभर भात खाण्याचं सोंग केलं, पोरं खिदळली. मग ओवीनं गदा मारली. ते एकदम पडलेच नाहीत. आधी आश्चर्य वाटलं त्यांना, मग एक गुडघा गेला, मग कशाला तरी धरायला हात वर गेला आणि तिथंच राहिला. सावकाश वळून, लोकांकडे पाठ करून ते आडवे झाले. उजेड सगळा ओवीच्या तोंडावर. आणि जरासुद्धा आवाज नाही हो! आमच्या डोक्यावर इतकी वर्षं आपटले, आणि त्या दिवशी पीस पडावं तसे पडले.

टाळ्या, शिट्ट्या, मुलांचे नमस्कार, फोटो. मुलं आत पळाली. स्टेजला पडदा नव्हताच. लगेच आमचे अध्यक्ष जोगळेकरकाका माइकपाशी आले. काकांची जर्मनीत उभी हयात गेली, बायको जर्मन, पण आभार मानायला लागले की थेट पुण्यातले. "सर्वप्रथम..." अशी त्यांनी सुरुवात केली आणि बकासुर त्यांच्या पायाशी मेलेला.

हॉल देणाऱ्यांचे आभार झाले. किराणा दुकानवाल्यांचे, माइकवाल्यांचे झाले. मग लकी ड्रॉ. प्रेशर कुकर जिंकलेल्या बाई बकासुराला ओलांडून स्टेजवर गेल्या आणि ओलांडून खाली आल्या. लोक हसत होते, त्याच्याबरोबर सेल्फी काढत होते. मिलिंद मला कुजबुजला, "खरंच गेले का गं?" मी म्हटलं, "कसले जातायत! नाटकं नुसती. आयुष्यात पहिल्यांदा लोक बघतायत, सोडतील होय?" मला मनापासून राग आला होता. जेवायची वेळ झाली, पुऱ्या गार होतायत, आणि या म्हाताऱ्याचं आपलं चालूच.

तेवढ्यात शेजारची खुर्ची सरकली. आई उठल्या होत्या. गुडघा धरत एकेक पायरी चढून त्या स्टेजवर गेल्या. जोगळेकरकाकांना त्यांनी हातानंच बाजूला केलं. कष्टानं खाली वाकल्या, आणि समोरच्या माइकमधून सगळ्या हॉलला ऐकू गेलं:

"अहो, उठा आता. जेवण गार होतंय."

मराठीत. आणि ओगावा-सान उठले. उठून बसले, मिशी अर्धी सुटली होती, आणि आईंकडे बघत राहिले. मग दोन्ही हातांनी तोंड झाकून घेतलं. हॉलमधले लोक टाळ्या वाजवत होते, त्यांना वाटलं हाही नाटकाचाच भाग. मला मात्र आता कुठं गिझेलाचं सूप आठवलं.

जेवताना मी त्यांच्या शेजारी ताट घेऊन बसले. "ओगावा-सान, आपले आपण उठायचं ना!"

"मेलेला माणूस आपला आपण उठत नाही, फ्राउ गायकवाड." पुरीचा तुकडा बोटात तसाच राहिला होता. "उशीर झाला. मला वाटलं, आता कुणी येत नाही."

"मग रोज घरी उठता ते?"

"तो टायमर. गिझेला गेल्यावर घेतला. वाजतो, म्हणून उठतो. पण तो अंड्यांसाठी आहे."

दुसऱ्या दिवशी साडेसातला धप्प झालं. आईंनी कोपऱ्यातला झाडू उचलला आणि दांड्यानं छतावर ठोकलं. ठक, ठक, ठक. इकडे असं ठोकलं की त्याचा अर्थ 'आवाज बंद करा, नाहीतर तक्रार करते' असा होतो, हे मी सांगेपर्यंत त्यांची हाकसुद्धा मारून झाली होती. "अहो, उठा! चहा टाकलाय!" वर पावलं वाजली आणि दोन मिनिटांत ओगावा-सान आमच्या दारात कप घेऊन हजर. त्या दिवसापासून टायमर वाजला नाही. फ्राउ क्र्यूगर यांनी आता झाडूची तक्रार केली आहे.

मग आईंचा व्हिसा संपला. त्यांना विमानात बसवून आलो, त्याच्या दुसऱ्या सकाळी माझी ऑनलाइन मीटिंग होती. कानात हेडफोन, समोर हॅनोव्हरचे सगळे साहेब. धप्प झालं. दिवा हलला. मी बोलत राहिले. वर शांतता. मी बोलता बोलता ट्रिंगची वाट बघत होते. बराच वेळ गेला, ट्रिंग होईना.

मी हेडफोन काढला, झाडू घेतला आणि छतावर ठोकलं. "अहो ओगावा-सान, उठा! चहा गार होतोय!"

वर पावलं वाजली. स्क्रीनवरचे साहेब घाबरून विचारत होते, सगळं ठीक आहे ना?

"जा, जा," मी म्हटलं. "वर एकजण मेलेत. त्यांना चहा देते आणि आलेच."