वेरेनाची आत्या

सुधा गेली त्या दिवशी दुपारी तळमजल्यावरच्या हौसाबाई हातात फणी घेऊन वर आल्या. त्यांनी आधी सुधाचे केस विंचरले, मग माझे.

सुधा माझी पत्नी. माझ्या डोक्यावर विंचरण्याजोगं तसं फार काही उरलेलं नाही. पण जे होतं त्यासाठी त्यांनी मला खुर्चीत बसवलं, हनुवटी धरली आणि भांग पाडला. "लोक येतील, भाऊजी. असा अवतार दिसता कामा नये." घरात जमलेले बाकी सगळे मला धीर धरायला सांगत होते. हौसाबाई फक्त म्हणाल्या, "मान सरळ." त्या दिवशी तेवढंच मला जमण्यासारखं होतं.

हौसाबाई मूळच्या साताऱ्याकडच्या, सुभेदारांच्या पत्नी. पठाणकोट, जबलपूर, जोधपूर असं करत नवऱ्याबरोबर दिल्ली कॅन्टोन्मेंटला आल्या. निवृत्तीनंतर सुभेदारांनी द्वारकेत आमच्या सोसायटीत फ्लॅट घेतला आणि थोड्याच वर्षांत ते गेले. मूलबाळ नाही. दारावरची पितळी पाटी अजून सुभेदारांच्या हुद्द्यानिशी आहे आणि हौसाबाई ती चिंच लावून घासतात. आमचा लिफ्टवाला त्या पाटीला सलाम करतो. न केल्यास काय होतं, हे त्याने एकदा पाहिलेलं आहे.

जगात जे काही बिघडतं ते विस्कटलेल्या डोक्यांमुळे, असा हौसाबाईंचा सिद्धांत आहे. "डोकं नीट तर पलटण नीट." टीव्हीवरच्या चर्चा त्या आवाज बंद करून बघतात. "हा खोटं बोलतोय," एकदा पडद्याकडे बोट दाखवून त्या मला म्हणाल्या. मी विचारलं, "ऐकल्याशिवाय कसं कळलं?" त्या म्हणाल्या, "भांग बघा की!"

पर्समध्ये दोन फण्या, खोबरेल तेलाची बाटली आणि रिबिनी असतात. लिफ्टमध्ये कोणा कॉलेजच्या मुलीचे केस मोकळे दिसले की "बेटा, दो मिनिट. हलना नहीं," म्हणून वेणी सुरू. वेणी पुरी होईपर्यंत लिफ्ट वर-खाली करत राहते आणि मजल्यामजल्यावर माणसं भाजीच्या पिशव्या घेऊन ताटकळतात. शेवटी हा विषय सोसायटीच्या सभेत निघाला. सेक्रेटरी खन्नासाहेब उठून म्हणाले, "लिफ्ट सबके लिए है, ब्यूटी पार्लर नहीं." हौसाबाई उभ्या राहिल्या. "बिल्कुल जी, बिल्कुल. लेकिन पहले आप बैठो. पीछे के बाल खड़े हैं." खन्नासाहेबांचा हात नकळत मागे गेला आणि ते बसले. विषय तिथेच संपला.

पण हौसाबाईंचं खरं पद वेगळंच होतं. त्या दिल्लीतल्या अर्ध्या मराठी बाळांच्या आत्या होत्या.

बारशाला बाळाच्या कानात नाव सांगण्याचा मान आत्याचा. आता इथे लक्ष्मीबाई नगरात राहणाऱ्या एखाद्या सेक्शन ऑफिसरची सख्खी बहीण असते नाशिकला. तिच्या मुलाची परीक्षा असते, सासऱ्यांचं ऑपरेशन असतं, किंवा भावजयीशी अबोला असतो. मग हौसाबाईंना फोन येतो. मेट्रोने येतात, नऊवारी नेसून, स्वतःची कुंची घेऊन. पहिल्यांदा कोणा काकूंनी कुजबुज केली होती म्हणे, की पाळण्याशी विधवा बाई चालते का? हौसाबाईंनी ती ऐकली. "दिल्लीत चालतं," त्या म्हणाल्या. "इथं लोक जानेवारीत आइस्क्रीम खातात."

त्यांची अट एकच. नावाचा अर्थ आणि कुळकथा कळल्याशिवाय त्या कानात नाव सांगत नाहीत. "कानात गेलेलं परत काढता येत नाही." मुनिरक्यात राहणाऱ्या एका तरुण जोडप्याने मुलाचं नाव काहीतरी दीडच अक्षरी ठरवलं होतं.

"अर्थ काय ह्याचा?" हौसाबाईंनी विचारलं.

"गूगलवर आहे, आत्या. किरण की वादळ, असं काहीतरी."

"मग गूगललाच बोलवा. कुंची घेऊन ये म्हणावं."

त्या मुलाचं नाव शेवटी माधव ठेवलं गेलं. आईबापांना वाईट वाटलं असेल, पण दुसरी आत्या मिळेना.

अशा या हौसाबाईंपुढे माझ्या नातीचं नाव आलं.

माझा मुलगा निखिल एम.ए. करत असताना मरियम त्याला भेटली. ती इजिप्तची, कॉप्ट, म्हणजे तिथल्या जुन्या ख्रिश्चन समाजातली. दिल्लीत शिकायला आली, हिंदी शिकली, थोडं मराठीही उचललं आणि लग्नानंतर आमच्याच घरी राहिली. सुधाचं आणि तिचं मेतकूट जमलं होतं. मूल होणार हे कळल्यावर सुधाने तिला सांगून ठेवलं होतं, "बारसं इथेच करायचं, आपल्या पद्धतीने. कानात नाव हौसाबाई सांगतील." नंतर सुधा गेली. मग मुलगी झाली. मरियमला मुलीचं नाव वेरेना ठेवायचं होतं. ते तिच्या आजीचं नाव. आईवडील लवकर गेल्यावर तिला त्या आजीने वाढवलं होतं. आजी लग्नाला येऊ शकली नव्हती, मनातून थोडी रागावलेलीही होती. आता बारशाच्या दिवशी फोनवर ती हजर राहणार होती, आपलं नाव दिल्लीतल्या पाळण्यात ठेवलेलं ऐकायला.

"वेरे... काय?" हौसाबाई म्हणाल्या. "नाही, भाऊजी. हे मला जमायचं नाही."

मी ग्रंथालयात नोकरी केलेला माणूस. दोन दिवस वाचन करून खाली गेलो आणि त्यांना सांगू लागलो, की या नावाच्या व्युत्पत्तीबद्दल मतभेद आहेत, काही विद्वानांच्या मते ते लॅटिन, तर काहींच्या मते...

"विद्वानांच्या मते नको," हौसाबाईंनी मला थांबवलं. "आईच्या मते काय?"

निखिलने तोडगा काढला. "पाळण्यातलं नाव वेगळं असतंच की आपल्यात. कानात राधा-बिधा काहीतरी सांगू दे त्यांना. कागदावर वेरेना ठेवू. क्या फर्क पड़ता है, यार?"

मरियम बाळाला खांद्यावर घेऊन येरझारा घालत होती. ती थांबली. "फर्क पड़ता है. जो कान में, वही नाम. नाहीतर आजीला मी काय ऐकवू?" आणि मग माझ्याकडे वळून म्हणाली, "बाबा, आंटीजींना वर बोलवा. मी बोलते."

हौसाबाई आल्या. चष्मा पुसला, सोफ्याच्या कडेला ताठ बसल्या. भरती अधिकारी बसतो तशा.

"हां बेटा. मतलब बताओ."

"हमारे यहाँ कहते हैं, अच्छा बीज. पक्का किसी को नहीं मालूम, आंटीजी. हमारी पुरानी भाषा का नाम है. अब वो भाषा सिर्फ चर्च की प्रार्थना में बची है. घर में सब अरबी बोलते हैं."

"चांगलं बियाणं," हौसाबाईंनी माझ्यासाठी मराठी केलं, जणू मला हिंदी येत नव्हतं. "मतलब ठीक है. आता कुळकथा."

मरियमने सांगायला सुरुवात केली. फार जुनी गोष्ट. नाईलच्या काठच्या एका गावात वेरेना नावाची मुलगी होती. त्या भागातली एक पलटण रोमच्या बादशहाने दूर डोंगरात पाठवली, आज जिथे स्वित्झर्लंड आहे तिथे.

"पलटण?" हौसाबाई पुढे सरकल्या. "जवान कहाँ के?"

"हमारे ही गाँवों के. किसानों के लड़के."

"म्हणजे आपल्यासारखेच. आगे?"

"वेरेना पण त्यांच्याबरोबर गेली. आजाऱ्यांची सेवा करायला. मग बादशहाने एक हुकूम दिला, धर्माविरुद्धचा. जवानांनी तो मानला नाही. सगळ्यांना मारलं."

"सगळ्यांना?"

"सबको."

हौसाबाईंनी चष्मा काढून पुन्हा पुसला. मग त्यांनी विचारलं, "उसको पेन्शन?"

"ती कोणाची बायको नव्हती, आंटीजी."

"मग गेली असेल बिचारी गावी परत."

"नहीं गई."

"का?"

मरियमने शब्द शोधले. तिचं हिंदी चांगलं आहे, पण संतचरित्र सांगण्याइतकं नाही. "वहाँ की लड़कियों के सिर में जुएँ थीं," ती म्हणाली.

मला हसू आलं. हौसाबाईंना आलं नाही. उवा हा त्यांच्या दृष्टीने गंभीर विषय होता. मरियमने तिचं चित्र शोधून फोन त्यांच्या हातात दिला. डोक्यावरून पदरासारखं वस्त्र घेतलेली एक स्त्री, एका हातात पाण्याचं भांडं, दुसऱ्या हातात फणी. त्या परमुलखात ती गोरगरिबांची, रोग्यांची डोकी धुवायची, विंचरायची, मुलींना स्वच्छता शिकवायची. म्हणून तिचं चित्र असंच काढतात.

हौसाबाईंनी दोन बोटांनी चित्र मोठं केलं. "फणी दोन बाजूंची आहे," त्या म्हणाल्या. "बारीक दातांची बाजू उवांसाठी. बाईला काम कळत होतं." चित्र आणखी मोठं केलं. मग अगदी हळू विचारलं, "और इसके बाल कौन बनाता था?"

"वो तो किसी ने नहीं लिखा, आंटीजी."

"कोण कशाला लिहील," हौसाबाई म्हणाल्या. फोन परत दिला आणि उठल्या. "नाव पास. घुगऱ्यांना हरभरे भिजत घाला, भाऊजी. मीठ मी येऊन बघेन."

बारशाला आमचा हॉल भरला होता. कॅन्टोन्मेंटमधून हौसाबाईंच्या ओळखीच्या पाच-सहा बायका आल्या होत्या, सगळ्या दणकट हाताच्या. पाळणा फुलांनी मढवलेला. निखिलने फोन पुस्तकांच्या थप्पीला टेकवून ठेवला होता आणि त्यात मरियमची आजी काळ्या कपड्यात, डोळे बारीक करून बसली होती. बायकांनी पाळणा म्हटला. हौसाबाईंनी बाळाला कुंची घातली, वाकल्या, तोंड कानाशी नेलं. "कुर्र..." त्या म्हणाल्या, "वेरेना!"

आणि रिवाजाप्रमाणे बायकांनी त्यांच्या पाठीत दणादण बुक्के घालायला सुरुवात केली.

आत्याने नाव सांगितलं की तिच्या पाठीत बुक्के घालायचे, हे आम्हा सगळ्यांना लहानपणापासून माहीत. मरियमला कोणीच सांगितलं नव्हतं. सुधा असती तर तिने सांगितलं असतं. मरियमला एवढंच दिसलं, की एका म्हाताऱ्या बाईने तिच्या मुलीचं परकं नाव उच्चारलं आणि त्यासाठी तिच्याच लोकांनी तिला मारायला सुरुवात केली.

"मत मारो!" ती ओरडली. "मेरी गलती है! नाम मैंने रखा है!" आणि मधे घुसून तिने हौसाबाईंना पाठीमागून मिठी मारली. उरलेले दोन-तीन बुक्के तिच्याच पाठीत बसले. एवढे जोरात आलेले हात थांबायला वेळ लागतो.

मग एकदम हशा पिकला. कॅन्टोन्मेंटच्या बायका पोट धरून खाली बसल्या. निखिल हसता हसता तिला रिवाज समजावू लागला. मरियम कानापर्यंत लाल झाली. तिकडे फोनमधून आजीने जीभ हलवत एक लांबलचक, थरथरता आनंदाचा आवाज काढला, तो ऐकून खन्नासाहेब फायर अलार्म वाजला म्हणून जिन्याने खाली पळाले. वेरेना झोपली होती ती उठली आणि रडायला लागली.

हौसाबाई मात्र हसत नव्हत्या. त्या पाळण्याची दोरी धरून वाकलेल्याच होत्या. मरियमने मिठी सोडल्यावरही सरळ झाल्या नाहीत.

थोड्या वेळाने मी पाणी आणायला स्वयंपाकघरात गेलो तर त्या ओट्याशी उभ्या होत्या. मी विचारलं, "लागलं का जोरात?"

"छे. सवय आहे." त्यांनी घुगऱ्यांची एक मूठ उगाच वाटीत भरली, परत पातेल्यात ओतली. "भाऊजी, माझ्या सख्ख्या भावाला तीन पोरं. तिघांच्या बारशाला पाळण्याशी दुसरीच कोणी उभी राहिली. आम्ही कधी पठाणकोटला, कधी जबलपूरला. त्यांना सुट्टी नाही, मला सोबत नाही. नावं काय ठेवली ते मागाहून कळायचं. म्हणून मग इथं जो बोलवील त्याच्याकडे गेले. किती पोरांच्या पायी पाठ सडकून घेतली, मोजली नाही." त्यांनी पातेल्यावर झाकण ठेवलं. "पण मधे कोणी पडलं नव्हतं कधी."

तेवढ्यात मरियम बाळाला घेऊन आत आली. ते रडायचं थांबत नव्हतं. तिने ते सरळ हौसाबाईंच्या हातात दिलं आणि म्हणाली, "लो आत्या, सँभालो." आंटीजी म्हणाली नाही.

याला आता दोन वर्षं होत आली. हौसाबाईंनी बाहेरच्या बारशांना जाणं थांबवलं आहे. गुडघे दुखतात असं सांगतात. वेरेना हिंदी बोलते, फोनवर पणजीशी थोडं अरबी बोलते आणि मराठीतले मोजके शब्द तिला येतात. सुधाची खोली आता तिची आहे. रात्री आम्ही पाचजण जेवायला बसतो.