कोमट दगडांचा सत्कार

कलावंत किती मोठा, हे त्याच्या कलेवरून ठरत नाही. त्याची ओळख करून द्यायला किती वेळ लागतो, त्यावरून ठरतं. कॅलिफोर्नियातल्या आमच्या फ्रीमाँटच्या मराठी मंडळाचं हेच धोरण आहे आणि कार्यवाह म्हणून मला त्याचा अभिमान वाटतो.

यंदा दिवाळीच्या कार्यक्रमाला आम्ही 'पिएद्रा तिबिया' हा मेक्सिकन रॉक बँड बोलावला. (अर्थ : कोमट दगड. स्पॅनिशमध्ये हे जोरदार वाटतं म्हणे.) ग्वादलाहारातल्या एका पंक्चरच्या दुकानात चार पोरांनी सुरू केलेला बँड, आता चौघंही आजोबा झालेत आणि हा त्यांचा निरोपाचा दौरा. कल्पना आमच्या कार्यकारिणीतल्या सुमेधाकाकूंची. लग्न होऊन इकडे नव्या आल्या तेव्हा शेजारच्या मेक्सिकन बाईने त्यांना ड्रायव्हिंग शिकवलं, आणि तिच्या गाडीत कॅसेट एकच होती.

"फ्रीवेच्या भरधाव रांगेत पहिल्यांदा मर्ज झाले ते त्यांच्या एका गाण्यावर," काकू मीटिंगमध्ये म्हणाल्या. "तेवढं एकदा समोर बसून ऐकायचंय. बास."

ठराव एकमताने मंजूर झाला. गाण्याची वेळही राखून ठेवली, सगळ्यात शेवटी, म्हणजे मानाची.

आधी दीपप्रज्वलन. मग प्रायोजकांची मनोगतं (रिअल इस्टेट, डेंटिस्ट, पुन्हा रिअल इस्टेट). मग मुलांचे नाच. ते कापता येत नाहीत, कारण प्रेक्षक म्हणजे त्यांचेच आईवडील. मग अध्यक्ष चारुदत्तकाकांनी बँडच्या सांगीतिक वाटचालीचा आढावा घेतला : बालपण, पहिली गिटार, दुसरी गिटार, मेक्सिको आणि महाराष्ट्राचा ऋणानुबंध (मिरची, मका). मध्येच काकांचं स्वतःचं ग्रीन कार्डही येऊन गेलं; विषय संघर्षाचाच चालला होता.

मग सत्कार. चौघांना फेटे, शाली, श्रीफळ. नारळ धरता यावा म्हणून ड्रमरच्या हातातल्या काठ्या आम्ही काढून घेतल्या.

"Now we play?" म्हाताऱ्या गायकाने विचारलं.

"Yes, yes. Just vote of thanks," मी म्हणालो.

आभार मानून होतात तोवर हॉलवाला दारात उभा. पाचला कुणाचा तरी बर्थडे होता. शिवाय पुऱ्या गार होत होत्या.

हॉल रिकामा झाला तरी सुमेधाकाकू पहिल्या रांगेत पर्स मांडीवर घेऊन बसून होत्या.

"आणि गाणं?"

"वहिनी, त्यांचा वारसा अजरामर आहे," चारुदत्तकाका म्हणाले. "गाणं काय, यूट्यूबवर असेलच."

काकूंना रडू फुटलं. गायक वायर गुंडाळता गुंडाळता थांबला, पण फेटा डोळ्यांवर आल्याने त्याला नीट दिसलं नसावं.

अभिप्राय उत्तम आले. शहाण्णव टक्के लोकांना बँड अविस्मरणीय वाटला. (उरलेल्यांना श्रीखंड पातळ वाटलं.) काकूंनी मात्र राजीनामा दिला. जरा हळव्याच आहेत.

तुम्हीही इथवर मन लावून वाचलंत. काकूंचं ते गाणं कोणतं, हा प्रश्न तुम्हालाही पडला नाही ना? मग या की. कार्यकारिणीत एक जागा रिकामी आहे.