मिल बंद पडली की दिसणारे यशवंतकाका

संध्याकाळच्या बातम्या लागायच्या आधी आमचे शेजारी यशवंतकाका इस्त्रीचा शर्ट घालून, भांग पाडून टीव्हीसमोर बसत. "आपण लोकांना पाहतो, तसे लोकही आपल्याला पाहून राहिलेत, भिया," असं त्यांचं म्हणणं. आणि ते अगदीच खोटं नव्हतं.

काका कापड मिलमध्ये मागावर होते. मिलला कुलूप लागलं त्या दिवशी टीव्हीवाले गेटवर आले. सगळे कामगार तोंडं पाडून उभे आणि मधोमध काका तोंडभर हसताहेत, असं चार सेकंदांचं चित्र बातम्यांत आलं. तिथेच संपायचं ते. पण नंतर देशात कुठेही मिल बंद पडली की टीव्हीवाले तेच चित्र लावू लागले. कानपूरला मिल बंद, काका हसताहेत. अहमदाबादला बंद, काका हसताहेत. एकदा नव्या आर्थिक धोरणावर चर्चा चालली होती, त्यात 'धोरणाचं स्वागत करणारे कामगार' म्हणूनही काकाच.

मी विचारलं, "काका, तुम्ही स्वागत केलंत?"

"नाही म्हणायला तोंड कुठंय? तोंड तर तिकडे हसून राहिलंय."

काकू म्हणायच्या, "यांना टीव्हीत नोकरी लागली, बिनपगारी."

पुतणीला बघायला राजेंद्र नगरात पाहुणे आले, तेव्हा कुणीतरी सांगितलं की मुलीचे काका टीव्हीवर येतात. मुलाच्या वडिलांनी आदराने विचारलं, "कशात?"

"मिल बंद होण्यात," काका म्हणाले आणि पोह्यांवर शेव घालून घेतली. लग्न जमलं.

मी व्हीसीआर घेतला, तेव्हा काका घरी आले. त्यांना ते चित्र कॅसेटवर हवं होतं. मग आम्ही दोघं रोज बातम्यांच्या वेळी बटणावर बोट ठेवून बसू लागलो. पंधरा दिवस देशात एकही मिल बंद पडेना.

"काय हालत आहे," काका म्हणाले. "मिल बंद व्हायची वाट अपन पाहून राहिलो."

शेवटी कुठलीशी एक बंद पडली आणि काका कॅसेटवर आले.

दुसऱ्या दिवशी दुपारी त्यांनी माझा टीव्ही, व्हीसीआर आणि मला टेम्पोत घालून शहराबाहेरच्या सिमरोल गावी नेलं. तिथे एका घरात एक म्हातारी बसली होती. गंगारामची आई. गंगाराम काकांच्या शेजारच्या मागावर होता. मिल बंद झाली त्याच वर्षी तापाने गेला. घरात त्याचा एकही फोटो नव्हता.

कॅसेट लावली. काकांच्या खांद्यामागे एका माणसाचा अर्धा चेहरा होता, इतक्यांदा पाहूनही मला कधी न दिसलेला. तो काकांच्या कानाशी काहीतरी बोलत होता.

"काई कई रियो है?" म्हातारीने त्याच्या हलत्या ओठांकडे बोट दाखवून विचारलं.

"बोल रहा था, माँजी, कल से भोंगा नहीं बजेगा, तो यशवंता को उठाएगा कौन," काका म्हणाले. "इसीलिए मैं हँसा।"

म्हातारी पडद्याजवळ सरकली. "फेर दिखाव."

वीज जाईपर्यंत आम्ही तेच दाखवत राहिलो.

परतताना काका टीव्हीला धरून बसले होते. शहर जवळ आलं तेव्हा म्हणाले, "मी जरा डावीकडे सरकलो असतो ना, तर गंगाराम पूर्ण आला असता."