कॅमेरा लावून निघून जाणारी सलवा मावशी

गेल्या शनिवारी दुपारी चार वाजता, वेस्ट विंडसरमध्ये, आपल्या मराठी मंडळानं सलवा मावशीचा सिनेमा कॅन्सल केला. प्रोजेक्टर लागलेला होता. वंदना काकू ठेवणीतली साडी नेसून पहिल्या रांगेत बसल्या होत्या, कारण सिनेमात त्या होत्या. त्याऐवजी पोरांचा फॅशन शो घुसवला.

सलवा मावशी माझी शेजारीण, मूळची इजिप्तची. एकटी सिनेमे काढते. निर्माता नाही, कंपनी नाही, मदतनीस म्हणजे मी. तिची पद्धत अशी: माणसाला खुर्चीत बसवायचं, कॅमेरा सुरू करायचा आणि आपण खोलीबाहेर चालतं व्हायचं. शूटिंग चालू आणि बाई स्वयंपाकघरात कांदा चिरतेय!

"मावशी, फोकस गेला तर?"

"जाऊ दे. मी बघत बसले तर खरा माणूस जातो."

मग आतून आरोळी: "खलास! आता जेवा." न जेवता ती कुणाला सोडत नाही. पोट भरलंय म्हणणाऱ्याला दुप्पट वाढते.

सहा महिन्यांच्या व्हिसावर इकडे मुलांकडे आलेले आपले आईबाबा तिनं असेच शूट केले. तिला मराठी कळत नाही, आमचं बोलणं इंग्रजीत. सबटायटल्स मी केली, म्हणून काकू कॅमेऱ्याला काय म्हणाल्या ते मला पाठ आहे.

"मुलगा गुणी आहे हो. पण मी तोंड उघडलं की म्हणतो, आई, मीटिंग सुरू आहे. मग मी डिशवॉशरशी बोलते. काम झालं की तो निदान आवाज तरी देतो."

हा गुणी मुलगा म्हणजे समीर, मंडळाचा अध्यक्ष. सिनेमा त्यानं आधी पाहिलाच नव्हता. आवाज तपासताना नेमकं हेच वाक्य हॉलभर घुमलं.

"यार, रॉन्ग मेसेज जातो. फॅमिली प्रोग्रॅम आहे."

"फॅमिलीच तर आहे," मी म्हटलं.

त्यानं वायर उपटली. आईला सांगितलं, टेक्निकल प्रॉब्लेम. काकू म्हणाल्या, "होतं असं." आणि पदर सारखा करून टाळ्या वाजवायला बसल्या.

परतताना मी गाडीत तणतणत होते: पत्रक काढू, निषेध करू! मावशीनं मला थांबवलं.

"माझी आई व्हिडिओ कॉलवर नेहमी 'सगळं छान' म्हणायची. एकदा फोन टेबलावर ठेवून मी दार उघडायला गेले. परत येताना ऐकलं, ती माझ्या रिकाम्या खोलीला सांगत होती, 'सलवा, एकटीला जेवण जात नाही गं.'"

"मग?"

"मी फोन उचलला. ती म्हणाली, सगळं छान. मीही म्हटलं, छान." सीटबेल्ट सोडत म्हणाली, "आता विचारायला ती नाही."

या रविवारी चार वाजता सिनेमा मावशीच्या गॅरेजमध्ये दाखवतोय. सोमवारी काकू नागपूरला परत चालल्यात. तुम्ही या. आईबाबांना दारात सोडून गाडीत फोन बघत बसू नका. आत या, त्यांच्या शेजारी बसा, शेवटपर्यंत ऐका.

मीटिंग कॅन्सल करा.