बिनमेवनीसची भरली अंडी

पुंजाराम चेअरमन सकाळीच गहिनीनाथ लबड्यांच्या ओट्यावर येऊन टेकला आणि चहाची वाट न बघता म्हणाला, "आबा, परवा दुपारी तीस अंडी भरून पायजेत. तुमच्या त्या साहेबी पद्धतीनं."

गहिनीनाथाची बशी ओठांपाशी पोचली होती. ती तिथेच थांबली.

"परवा?"

"परवा. पुण्याचे सबनीस साहेब येत्यात. मुंबईला जानारा अंड्यांचा टेम्पो आपल्या गावात थांबवायचा का नदीपल्याडच्या, ते ठरवून जानार. मानूस अमेरिकेत कोंबड्यांचं शिकून आलाय. त्याला काय रस्सा-भाकरी घालायची व्हय?"

पिंपळदऱ्यात कोंबड्यांची सोसायटी निघून दोन वर्षं झाली होती. घरोघरी पांढऱ्या कोंबड्या होत्या, पण अंडी विकायला बायकांना टोपली मांडीवर घेऊन एस.टी.नं कोल्हारच्या बाजाराला जावं लागे. रस्ता असा होता की चार डझन घेऊन निघालेली बाई तीन डझनांनिशी उतरे आणि उरलेलं डझन तिच्या लुगड्यावर असे. टेम्पो गावात आला तर हा सगळा ताप मिटणार होता. म्हणून चेअरमनला दोन रात्री झोप नव्हती.

आणि गहिनीनाथाची भरली अंडी गावात सगळ्यांना ऐकून पाठ होती. नगरच्या कॅम्पात एका ऑफिसर मेसमध्ये वीस वर्षं नोकरी करून तो गावी आला होता. पारावर बसला की सांगायचा, "अंडं उकडायचं, उभं चिरायचं, बलक काढायचा. त्यात मेवनीस घालून लोन्यावानी घोटायचा आन परत जाग्यावर बसवायचा. वरनं तिखटाची चिमूट. कर्नल साहेब एका दमात सहा खायचे." ऐकणारे आवंढा गिळत. मेवनीस म्हणजे काय, हे कुणी विचारत नसे. विचारणं म्हणजे आपण कधी कॅम्प पाहिला नाही हे कबूल करणं.

गहिनीनाथानं सांगितलेलं सगळं खरं होतं. फक्त एक गोष्ट तो सांगत नसे. तो मेसमध्ये आचारी नव्हता, मसालची होता, म्हणजे आचाऱ्याच्या हाताखालचा माणूस. वीस वर्षं त्यानं अंडी उकडली, सोलली आणि चिरली. सोलण्यात त्याचा हात धरणारा कुणी नव्हता. पण पुढचं काम फर्नांडिस खानसामा करायचा, आणि तो भरताना पाठ करून उभा राहायचा. मेवनीस ही पांढरी, दाट वस्तू बाटलीत असते, एवढंच गहिनीनाथाला त्याच्या कोपराखालून दिसलं होतं.

"करतो की," गहिनीनाथ म्हणाला. मग त्याला सुटकेची वाट दिसली. "पन मेवनीस लागंल. ते काय हितं गावायचं न्हाई. त्याबिगर व्हत न्हाई."

"एवढंच ना? आपला सहादेव उद्या नगरला जाईल," चेअरमन उठत म्हणाला. वाट बंद झाली.

सहादेव सोसायटीचा सेक्रेटरी. कष्टाळू माणूस, पण ऐकलेला शब्द त्याच्याजवळ फार वेळ टिकत नसे. दुसऱ्या दिवशी नगरला उतरेपर्यंत मेवनीसमधला 'मे' तेवढा शिल्लक राहिला. त्यानं तीन किराणा दुकानं पालथी घातली. चौथ्या ठिकाणी सांगितलं, "पांढरं आसतंय, दाट, बाटलीत. साहेबलोक जेवनाबरूबर घेत्यात. नाव मे वरनं हाय." त्या दुकानदारानं त्याला समोरच्या औषधाच्या दुकानात धाडलं, आणि तिथे त्याचं काम एका मिनिटात झालं.

संध्याकाळी त्यानं निळी बाटली गहिनीनाथाच्या हातात ठेवली. "वाटंत दोन बुचं चाखून बघितलं," तो म्हणाला. "खडू खाल्ल्यावानी लागतंय. पन साहेबलोकांचं आसंच आसनार."

गहिनीनाथानं बूच काढून वास घेतला. पेपरमिंटचा वास आला. खानसाम्याच्या बाटलीला हा वास होता का, हे त्याला आठवेना. तेवढ्यात केशरबाई, त्याची बायको, आतून आली. तिनं बाटली हातात घेऊन उजेडाकडे धरली.

"अवं, हे पोट साफ व्हायचं औषिध हाय. धाकटीच्या बाळंतपनात नर्सबाईनं मला दिलं हुतं. मॅगनेशा."

सहादेवानं एकदा बाटलीकडे पाहिलं, एकदा स्वतःच्या पोटाकडे पाहिलं. "दोनच बुचं घेतली, वैनी," तो म्हणाला, आणि आणखी काही न बोलता झपाझप घराकडे निघाला. त्यानंतर दुसऱ्या दिवशी सायंकाळपर्यंत तो गावात कुणाला दिसला नाही.

बाटली ओट्यावर ठेवून गहिनीनाथ खाली बसला. केशरबाईनं दिवा लावला, तुळशीला हात जोडले आणि त्याच्याकडे बघून विचारलं, "दुसऱ्या कशानं भागंना का?"

"मला काय ठावं?"

"तुमाला न्हाई तर कुनाला?"

गहिनीनाथानं बाटलीचं बूच घट्ट बसवलं. मग म्हणाला, "केशर, मी कधी भरली न्हाईत. मी नुसती सोलायचो."

"वीस वर्षं?"

"वीस वर्षं."

ती हसेल असं त्याला वाटलं होतं. ती हसली नाही. तिनं पदर सावरला आणि त्याच्यासमोर बसली. "मला आधी सांगायचं की. मी काय पारावर जाऊन बोलनार हुते? बरं, ते मेवनीस कसं दिसायचं ते सांगा."

"पांढरं. दाट."

"वास?"

"आंबूस. नाकात चढनारा. आन तेलकट. बाटली धुताना हात लई येळ चिकट राहायचा."

केशरबाईनं थोडा विचार केला. तिच्या गळ्यात माळ होती. अंडं ती खात नव्हती, शिवत नव्हती आणि घरात येऊ देत नव्हती. पण पांढरं, दाट, आंबूस, तेलकट आणि नाकात चढणारं यात अंडं कुठेच नव्हतं. "दही बांधून ठिवते," ती म्हणाली. "सकाळी चक्का व्हईल. मव्हरी फेसते, लोनच्याला फेसतो तशी. घान्यावरचं करडीचं तेल हाय. पन एक ध्यानात ठिवा, अंडं ओट्यावर चढायचं न्हाई. तुमचं तुमी तिकडं लिंबाखाली करायचं."

"करतो," गहिनीनाथ म्हणाला. त्याच्या जिवात जीव आला. अंडी सोलणं हे तर त्याचंच राज्य होतं.

आता आदल्या संध्याकाळी घरोघर फिरून अंडी गोळा करायचं काम सहादेवाचं होतं. ते अर्थातच झालं नाही. त्यामुळे सकाळी चेअरमन स्वतः टोपली घेऊन फिरला आणि साहेबांसाठी म्हणून त्यानं दारोदार बजावलं, "कालची नगं. आज घातलेलीच द्या." बायकांनी खुराड्यात हात घालून कोंबडीखालची ऊन ऊन अंडी काढून दिली.

लिंबाखाली तीन दगडांवर गहिनीनाथानं ती उकडली, गार पाण्यात टाकली आणि बाही सारून पहिलं अंडं हातात घेतलं. चेअरमन कौतुकानं बघत उभा होता. गहिनीनाथानं अंडं दगडावर टिचकावलं, तळहातावर फिरवलं आणि अंगठ्यानं टरफल ओढलं. टरफलाबरोबर पांढऱ्याचा ढलपा निघून आला.

"पहिलं हाय," चेअरमन म्हणाला.

दुसऱ्याचं तसंच झालं. पाचव्याचं तसंच झालं. गहिनीनाथानं पाण्यात धरून पाहिलं, बुडाकडून पाहिलं, नखानं कोरून पाहिलं. टरफल पांढऱ्याला असं धरून बसलं होतं जसं काही ते दोघं कधी वेगळे होणारच नव्हते. दहा अंडी सोलून झाली तेव्हा परातीत दहा देवी निघालेले चेहरे पडले होते.

"आबा, हात थरथरतोय का तुमचा?" चेअरमननं हळूच विचारलं.

गहिनीनाथानं अकरावं अंडं उचललं. वीस वर्षांत त्याला एवढं एकच काम नीट येत होतं, आणि तेही आज त्याच्या हातून होत नव्हतं. चेअरमन जीप बघायला रस्त्याकडे गेला. गहिनीनाथानं उरलेलीही तशीच सोलली, सगळी उभी चिरली आणि तो परातीकडे बघत राहिला.

ओट्यावरून केशरबाईनं पितळी पातेलं पुढे केलं. त्यात तिनं चक्का, फेसलेली मोहरी, मीठ, चिमूटभर साखर आणि थेंब थेंब तेल घालून इतकं घोटलं होतं की ते पातेल्याला धरून उभं राहिलं होतं. "झालं का सोलून?" तिनं विचारलं, आणि मग तिला परात दिसली.

"केशर, चेअरमनला सांग, मी आजारी पडलो."

"चेअरमन आत्ता तुमाला बघून गेला," ती म्हणाली. "आपल्या भिताडाचा पोपडा निघतो तवा आपन काय करतो?"

"गिलावा करतो."

"मग करा की. आत भरा आन वरनं बी लावा."

गहिनीनाथानं पातेल्यातलं दोन वाडग्यांत काढून घेतलं, एकात बलक घोटून एक भाग भरला आणि दुसऱ्यातल्या पांढऱ्यानं बाहेरून बोटानं गिलावा केला. तो बरा दिसला, पण त्यालाच बराच वेळ गेला, आणि अजून एकोणसाठ भाग बाकी होते. तेवढ्यात नदीच्या उतारावर जीपचा धुरळा दिसला.

केशरबाईनं धुरळा पाहिला. ती ओट्यावरून उतरली, लिंबाखाली आली आणि परातीसमोर मांडी घालून बसली.

"अगं, माळ," गहिनीनाथ म्हणाला.

"माळ गळ्यात हाय. हातानं गिलावा करायचाय. मागनं हात धुईन, आंघूळ करीन. सरका तिकडं."

आयुष्यभर भिंती लिंपलेला तो हात होता. तिच्या दोन बोटांखालून अंडं फिरून बाहेर पडे ते पांढरंशुभ्र, गुळगुळीत होऊनच. जीप देवळापाशी थांबली तेव्हा साठच्या साठ भाग परातीत ओळीनं बसले होते आणि गहिनीनाथ वरून तिखट भुरभुरत होता.

सबनीस साहेब मध्यम वयाचे, कमी बोलणारे गृहस्थ होते. सोसायटीच्या खोलीत खुर्चीवर बसून त्यांनी सगळं कागदपत्र पाहिलं. मग थाळी समोर आली. त्यांनी एक भाग उचलला आणि त्यांच्या भुवया वर गेल्या.

"डेव्हिल्ड एग्ज? इथे?"

"आमच्या आबांनी केल्यात," चेअरमन म्हणाला. "नगरच्या मेसात वीस वर्षं हुते."

साहेबांनी खाल्लं. दुसरं खाल्लं. तिसरं उचलून त्यांनी ते खिडकीच्या उजेडात धरलं आणि नखानं वरचा गिलावा खरवडला. खालचा खड्डा उघडा पडला. त्यांनी चौथं खरवडलं. चेअरमनच्या कपाळावर घाम आला.

"हे बाहेरून का लावलंय?" साहेबांनी विचारलं.

खोलीत जमलेल्या गावकऱ्यांनी दाराकडे वळून पाहिलं. गहिनीनाथ दाराशी उभा होता. त्याला वाटलं, आता आणखी एक खोटं बोललो तर ते लिंपायला चक्का पुरायचा नाही.

"साहेब, सोलताना अंडी फाटली," तो म्हणाला. "सगळी फाटली. वीस वर्षांत कधी आसं झालं न्हाई. मग मंडळी म्हनली, गिलावा करा."

"कधीची अंडी ही?"

"आज सकाळची," चेअरमन रडवेल्या आवाजात म्हणाला. "मी सोता ऊन ऊन गोळा केलीत, साहेब."

सबनीस साहेब पहिल्यांदा हसले. "ताजं अंडं सोलत नाही, चेअरमन. टरफल सोडतच नाही. सकाळी मी नदीपलीकडे होतो. तिथे मला उकडलेली अंडी दिली, इतकी सुरेख सोललेली की संगमरवरच. तेव्हाच माझ्या लक्षात आलं, आठवड्याच्या आतली ती नव्हेत. मुंबईला पोचेपर्यंत काय होणार त्यांचं?" त्यांनी खरवडलेला भाग तोंडात टाकला. "टेम्पो इथे थांबेल."

चेअरमनला काय करावं ते सुचेना, म्हणून त्यानं साहेबांच्या ड्रायव्हरला नमस्कार केला. गहिनीनाथ मात्र दुसऱ्याच विचारात पडला होता. "म्हंजी साहेब, मेसातली अंडी एवढी झ्याक सोलायची ती..."

"आठ-दहा दिवसांची असणार," साहेब म्हणाले. "पण आबा, भरण फार छान जमलंय. अमेरिकेत मला दर पार्टीत हे खावं लागे, आवडत कधीच नसे. मेयॉनीज कोणतं घातलंत?"

"घातलंच न्हाई. आन भरन माझं न्हाई, बायकोचं हाय. मी मेसात आचारी नव्हतोच, साहेब. मी मसालची. मी नुसता सोलनारा."

साहेबांनी मान डोलावली आणि आणखी दोन भाग खाल्ले.

एवढं बोलून गहिनीनाथाला हलकं वाटलं. गावासमोर सांगून झालं होतं. पण संध्याकाळी तो पारावर गेला तेव्हा चेअरमन लोकांना सांगत होता, "एवढा मोठा आचारी, पन साहेबासमोर काय म्हनला? मी नुसता सोलनारा. सगळं बायकोच्या नावावर घातलं. ह्याला म्हनत्यात कॅम्पातली रीतभात."

"अरे, खरंच सांगतो," गहिनीनाथ म्हणाला. "मी मसालची हुतो."

लोक एकमेकांकडे बघून आदरानं हसले. त्यानं आणखी एकदा सांगून पाहिलं. एक म्हातारा म्हणाला, "बास आबा, किती लहानपना घ्याल." मग तो गप्प घरी आला.

केशरबाईनं आंघोळ करून चूल पेटवली होती. पातेल्याच्या बुडाला भरणाचा पांढरा थर शिल्लक होता. त्याला अंडं लागलेलं नव्हतं, म्हणून ते घरात आलं होतं. तिनं भाकरी मोडली, बोटानं थोडं लावून खाल्लं आणि डोळे मिचकावले. मोहरी नाकात गेली होती.

"बरं लागतंय," ती म्हणाली. "त्या तुमच्या मेसातल्यासारखं झालंय का पन?"

गहिनीनाथानं चतकोर भाकरी उचलली. "कुनाला ठावं," तो म्हणाला. "आमाला कुटं खायला दिलं कधी."

केशरबाईनं हातातली भाकरी खाली ठेवली. मग तिनं पातेलं त्याच्या ताटाशी ओढलं आणि बुडाशी होतं तेवढं सगळं उलथन्यानं खरडून त्याच्या भाकरीवर घातलं.