नावाला हात न लावणारे देवरावभाऊ

देवरावभाऊ एक वाक्य दोनदा बोलत नाहीत. चहावाल्याला सकाळी "दोन कट पाठव गा", दुपारी "अद्रक ठेचून काहीतरी येऊ दे", संध्याकाळी "घसा सुकून राहिला, पाहा काही होते का". चहावाला तिन्ही वेळा तोच पाणचट चहा आणतो, पण हसत आणतो. माझ्याकडे पाहून तो कधी हसल्याचं मला आठवत नाही.

लकडगंजातल्या एका जाहिरातीच्या ऑफिसात आम्ही समोरासमोर बसतो. काम असं, की 'तिखटराणी' मिरची पावडरचा एकच मजकूर चाळीस दुकानांच्या वेबसाइटसाठी चाळीस वेगवेगळ्या शब्दांत लिहायचा. "बाकी सारं बदलवा, नावाले हात नाही लावाचा." हे एकच वाक्य देवरावभाऊ कधी बदलत नाहीत. माझं सातव्यालाच झणझणीत, चमचमीत सगळं संपतं. हा माणूस चाळिसावा लिहून निवांत सुपारी कातरत बसतो. खरं सांगतो, माझा जीव जळतो.

एकदा मी गुपचूप सॉफ्टवेअरला कामाला लावलं. त्यानं 'तिखटराणी'ची 'झणझणीत महाराणी' करून टाकली. मजकूर मालकाकडे जाण्याआधी देवरावभाऊंनी चाळीसच्या चाळीस ठिकाणी नाव नीट केलं आणि कुणाजवळ बोलले नाहीत. बोंबलले असते तर परवडलं असतं. या उपकारानं माझ्या अंगाचा तिळपापड झाला.

त्यात मालकानं सांगून टाकलं, दिवाळीनंतर दोघांपैकी एकालाच ठेवणार. मग माझं डोकं चालायला लागलं. देवरावभाऊ रोज चार-पाचदा फोन घेऊन गॅलरीत जातात आणि हळू आवाजात बोलतात. नक्कीच दुसऱ्या कुणाचं काम घेऊन राहिले असणार. मी मालकाच्या कानावर घातलं. मालक म्हणाले, "ऐकून ये, मंग पाहू."

गेलो आणि दाराआड उभा राहिलो.

"प्रशांत गाडीत बसला वं, येऊन राहिला." तिकडून काकूंनी, म्हणजे देवरावभाऊंच्या बायकोनं, परत तेच विचारलं असावं. "प्रशांतले साहेबानं सुट्टी नाही देली ना. तू जेवून घे." पुन्हा तोच प्रश्न. "आताच बोलणं झालं प्रशांतसोबत. तुह्या हातची भाजी पाहिजे म्हणे." आवाजात वैतागाचा लवलेश नव्हता.

काकूंना हल्ली काही लक्षात राहत नाही, हे मी ऐकून होतो. प्रशांत त्यांचा एकुलता एक मुलगा. दोन वर्षांपूर्वी त्याच्या तेरवीला मी स्वतः जेवून आलोय.

"काय मंग?" मालकानं विचारलं.

"घरी बोलत होते."

"रोज चार-चारदा? घरी काय बोलते येवढं?"

"घरी बोलत होते," मी परत तेच म्हणालो. "आणि ठेवायचं असेल तर त्यांनाच ठेवा."

हा काही माझा मोठेपणा नव्हता. जळफळाट होताच, उलट वाढलाच होता. माझ्या आईला हल्ली कमी ऐकू येतं. एखादी गोष्ट तिनं दुसऱ्यांदा विचारली की मी खेकसतो. त्या दिवशी सकाळीही खेकसूनच घरून निघालो होतो.