सुकेळीतला हात

आमच्या शेजारचे सुर्वेसाहेब गच्चीत वाळत घातलेल्या टॉवेलाकडे सिनेमा बघावा तसे बघत बसतात. वर आपल्यालाही थांबवतात. "तात्या, टॉवेल वाळत नाहीये, वेळ जातोय. बघा." मी चौथीत शाळा सोडलेला माणूस, पण टॉवेल वाळला की मला कळतं.

बँकेतून निवृत्त झाल्यावर त्यांनी मोबाइलवर फिल्म काढायचं मनावर घेतलं. बोलणं नाही, गाणं नाही, माणूस तर नाहीच. फक्त बदल. गंजणारा पाइप झाला, कोमेजणारी जास्वंद झाली. मधे कोणी आलं की म्हणणार, "फ्रेम सोडा." बायको गेल्यापासून एकटेच राहतात. भाताची उकळीसुद्धा बघत बसतात, म्हणून भात रोज खाली लागतो.

यंदा मी गच्चीत सुकेळी घातली. बोळिंजला आमची केळीची वाडी होती तिच्यावरच ही बिल्डिंग उभी आहे, तेव्हा गच्ची माझीच, असं मी धरून चालतो. राजेळी केळी सोलून आठवडाभर उन्हात ठेवली की तांबूस, गोड होतात. साहेब खूश. टाकीच्या पाइपाला मोबाइल बांधला, थोड्या थोड्या वेळाने आपोआप फोटो निघेल असा. मला बजावलं, "हात लावायचा नाही. रविवारी सोसायटीला दाखवायचीय. माझी पहिली पुरी फिल्म."

"रोज परतल्याशिवाय सुकेळी होत नाय, साहेब. कुजतील."

"कुजू द्या. तोही बदलच."

माझी केळी कुजवणारे हे कोण? ते जेवायला खाली गेले की मी रोज परतून यायचो. मोबाइलची परवानगी घेतली नाही.

रविवारी तिन्हीसांजेला गच्चीत चादर बांधून फिल्म लावली. सावल्या सरकतायत, केळी रंग बदलतायत, आणि मधेच माझा हात. काळा, नखात माती असलेला. पुन्हा आला, पुन्हा गेला. पोरं हसली, तात्या हिरो झाले म्हणाली. आता साहेब भांडणार म्हणून मी उत्तर तयारच ठेवलं होतं.

ते चादरीच्या गाठी सोडवायला लागले. सगळे उतरल्यावर मी त्यांना एक सुकेळं दिलं. म्हटलं, "हात कापायचा होता की."

"कापला होता. मग बघवेना. परत जोडला." सुकेळं चघळत ते म्हणाले, "आमची गेल्यापासून घरात ठेवलेली वस्तू तिथंच असते, तात्या. कुणी हलवतच नाही."

मी दुसऱ्या दिवशी सकाळी गच्चीत गेलो आणि त्यांचा टॉवेल दोरीवर उलटा करून आलो.